दादांचं काम कोणी करायचं

"आपल्या घराण्यात आजवर कुणीही कुणाची नक्कल केलेली नाही!" दादांनी जाहीर केलं.

हे जाहीर करताना त्यांचा डावा हात कमरेवर होता, उजव्या हाताची तर्जनी समोरच्या माणसाच्या कपाळावर रोखलेली होती आणि वाक्य संपताच त्यांच्या नाकातून एक जाडसर हुंकार बाहेर पडला. भिंतीवरच्या तसबिरीत त्यांचे वडील आप्पा नेमके याच पवित्र्यात उभे होते. फक्त हुंकार तेवढा तसबिरीत येऊ शकला नव्हता. तेवढ्यात आतल्या खोलीतून दादांचा मुलगा आला, डावा हात कमरेवर ठेवून, तर्जनी वडिलांच्या कपाळावर रोखून म्हणाला, "बाबा, जरा हळू. खाली पार्किंगपर्यंत ऐकू जातंय." आणि त्याच्याही नाकातून हुंकार निघाला.

धाकट्यानं हे सगळं पाहिलं. पाहणं हा त्याचा धंदाच होता.

तो एकसष्ट वर्षांचा होता, त्याच्या गुडघ्याचं ऑपरेशन झालेलं होतं, पण घरात त्याला अजून धाकटा म्हणत. ज्या तर्जनीसमोर आत्ता त्याचं कपाळ होतं तिच्यासमोर ते साठेक वर्षं होतंच. तो सोफ्याच्या टोकाला, गाडी सुटायची वाट पाहणाऱ्या उतारूसारखा बसला होता. त्याच्या शेजारी एकतीस वर्षांची दिग्दर्शिका होती आणि तिच्या मांडीवर सिनेमाच्या आणि याच घरात शूटिंग करायच्या परवानगीचा एक कागद होता. त्या कागदावर उद्या दुपारी बाराच्या आत दादांची सही झाली नाही, तर धाकट्याला आयुष्यात पहिल्यांदा मिळालेलं मुख्य काम जाणार होतं. दुसरं मिळायला पुढची एकसष्ट वर्षं लागतील, असा त्याचा स्वतःचा हिशेब होता.

बेचाळीस सिनेमांत त्यानं काम केलं होतं. श्रेयनामावलीत त्याच्या नावापुढे 'रांगेतला माणूस', 'दुसरा शेजारी', 'खिडकीमागचा कारकून' असं काहीबाही येई, आणि एकदा तर नुसतं 'खोकला' असं आलं होतं. हे सगळे स्वतंत्र सिनेमे होते. "स्वतंत्र म्हणजे कुणापासून?" असं दादांनी फार पूर्वी विचारलं होतं, तेव्हा धाकटा म्हणाला होता, "प्रेक्षकांपासून." एका परदेशी समीक्षकानं त्याच्याविषयी लिहिलं होतं, की हा नट पडद्यावर अभिनय करतो असं वाटतच नाही, तो तिथे राहतो असं वाटतं. ते कात्रण दादांनी 'वाटतच नाही'पर्यंत वाचलं आणि समीक्षकाशी पूर्ण सहमती दाखवून परत दिलं.

मागच्या वर्षी त्याचा सत्कार होता, तेव्हा तो वेळेआधी पोचला म्हणून संयोजकांनी त्याला खुर्च्या मांडायला लावल्या. त्यानं मांडल्या. ओळ सरळ आली नव्हती म्हणून पुन्हा मांडल्या.

"नक्कल नाही हो सर," दिग्दर्शिका म्हणाली. "सिनेमा आहे. एका निवृत्त वजनमापे निरीक्षकाची गोष्ट. काकांनी मला तुमच्याबद्दल इतकं सांगितलंय, की मी सहा महिने दुसरं काही लिहूच शकले नाही."

"काय सांगितलंय?" दादांनी धाकट्याकडे पाहिलं.

"असंच," धाकटा म्हणाला.

"असंच म्हणजे?"

"म्हणजे जे आहे ते."

दादांना हे उत्तर अपुरं वाटलं. अपुरं काय आणि पुरतं काय हे ओळखण्यात त्यांनी तेहतीस वर्षं घालवली होती. सरकारी शिक्क्याची पितळी वजनं लाकडी पेटीत घालून ते दुकानोदुकानी फिरले होते, तराजू तपासले होते, खोटी मापं जप्त केली होती. बाजाराच्या तोंडाशी दादांची सायकल दिसली की पारडी आपोआप समपातळीत येत, असं जुने दुकानदार अजून सांगत. धाकट्याच्या अभिनयाबद्दल त्यांचं मत व्यावसायिक होतं. "हा वजनात मारतो," ते म्हणत. "लोक पूर्ण तिकीट काढतात आणि हा अभिनय देतो पावशेर."

"पण मी म्हणते, सिनेमा काढण्यासारखं दादानं केलंय काय?" ताईंनी विचारलं. ताई मधल्या. विम्याचं काम करत. आपण कधी मरूच शकत नाही अशी खात्री असलेल्या माणसांनाही त्यांनी पॉलिसी विकल्या होत्या. "दादा, राग मानू नकोस. पण तू सकाळी उठतोस, पेपर वाचतोस आणि पेपरवाल्यानं पान कमी दिलंय का ते मोजतोस. यात इंटरव्हल कुठे घालणार?"

"एकदा कमी होतं," दादा म्हणाले.

"बरं, मी आहे का यात?"

"एक बहीण आहे," दिग्दर्शिका जपून म्हणाली.

"किती वेळ आहे?"

"दोन प्रसंगांत."

"बोलते का?"

"हो. दुसऱ्या प्रसंगात ती म्हणते, 'चल, निघते मी.'"

ताईंनी पर्स मांडीवर घेतली आणि तिची चेन एकदा उघडून लावली. ही ताईंची विरोधी पक्षात जाण्याची खूण होती हे धाकट्याला माहीत होतं. सात वर्षांपूर्वी एका सिनेमात बँकेच्या रांगेत उभं राहून त्यानं पाकिटाची चेन अशीच उघडून लावली होती. त्या तीन सेकंदांवर एका महाविद्यालयात चर्चासत्र झालं होतं.

"माझा या प्रकाराला पाठिंबा नाही," ताई म्हणाल्या. "घरातल्या गोष्टी घरात राहाव्यात."

"अगदी बरोबर," दादा म्हणाले. ताईंचं आणि दादांचं एकमत झालं हे पाहून पुतण्यानं, म्हणजे दादांच्या मुलानं, मोबाईलमधून मान वर काढली. आप्पांच्या पश्चात फ्लॅटची वाटणी झाल्यापासून या दोघांचं तापमानाबद्दलसुद्धा एकमत झालं नव्हतं.

पुतण्या जाहिरात कंपनीत होता आणि जगातल्या प्रत्येक गोष्टीला तो कंटेंट म्हणे. "आत्या, बाबा, तुम्ही काकाचं काम बघितलंय का कधी? न बघताच नाही म्हणताय."

"मी बघितलाय एक," ताई म्हणाल्या. "तो दवाखान्याचा. पूर्ण बघितला. हा त्यात नव्हताच."

"मी पेशंट होतो, ताई," धाकटा म्हणाला.

"कुठला?"

"जो मरतो तो."

"तो तू?" ताई जरा वरमल्या. "मला वाटलं, खरंच कुणी आजारी माणूस आणून झोपवलाय. मी तर मध्यंतरात त्याच्या घरच्यांची चौकशी करणार होते."

धाकट्याच्या आयुष्यातली ही बहुधा सर्वात मोठी दाद होती. त्यानं ती शांतपणे स्वीकारली, म्हणजे चहाचा कप उजव्या हातातून डाव्या हातात घेतला.

पुतण्यानं टीव्हीला मोबाईल जोडला आणि एक तुकडा लावला. पडद्यावर एका कचेरीचा बाक आला. बाकावर धाकटा. त्याच्या हातात बंद पाकीट. तो ते उजेडाकडे धरतो. कानाशी हलवतो. पत्ता वाचतो, स्वतःचाच आहे हे कळूनही पुन्हा वाचतो. मग पाकिटाची कड नखानं इतक्या सावकाश सोलतो, की बाजूला बसलेली बाई उठून निघून जाते. पत्र बाहेर काढतो, घडी न उलगडता पुन्हा आत घालतो आणि पाकीट खिशात ठेवतो. चार मिनिटं दहा सेकंद. संवाद नाही.

तुकडा संपला.

"हा माणूस थोडा वेडसर दाखवलाय का?" दादांनी विचारलं.

"दादा!" ताई ओरडल्या. "अरे, हा तू आहेस!"

"मी कशाला असेन?"

"आप्पांच्या पेन्शनचं पत्र आलं तेव्हा तू असाच बसला होतास. आम्ही सगळे ताटकळत आणि तू आपला नखानं सोलतोयस!"

"छे! मला तर हा तुझा नवरा वाटला. तसाच घाबरट आहे."

"माझ्या नवऱ्याला कुणी पत्र पाठवतच नाही!"

"अहो," स्वयंपाकघराच्या दारातून वहिनी म्हणाल्या.

सगळे थांबले. वहिनींची नोकरी टेलिफोन एक्स्चेंजमध्ये झाली होती. तीस वर्षं दुसऱ्यांची बोलणी जोडून द्यायची आणि मध्ये आपण बोलायचं नाही, अशी त्यांना सवय. त्यामुळे त्या बोलल्या, की लाइनमध्ये काहीतरी बिघाड झाला असावा असंच घरच्यांना वाटे.

"ते तुम्हीच आहात," वहिनी म्हणाल्या. "विजेचं बिल अजून तसंच उघडता."

दादा पडद्याकडे बघत राहिले. पडद्यावर आता पाकीट नव्हतं, पुतण्याच्या मोबाईलची बॅटरी किती उरली एवढंच दिसत होतं. तरी ते बघत राहिले. धाकट्यानं त्यांच्या चेहऱ्यावर राग शोधला. तो नव्हता. तिथे काहीतरी वेगळंच वर येत होतं, सुरुवातीला ओठांच्या एका कोपऱ्यात, मग दोन्ही. दादा खूश होत होते.

"म्हणजे," ते सावकाश म्हणाले, "अख्खा सिनेमा माझ्यावर?"

"अख्खा," दिग्दर्शिका म्हणाली.

"पहिल्यापासून शेवटपर्यंत मीच?"

"तुम्ही नसाल अशी एकच फ्रेम आहे. त्यात तुमची छत्री आहे."

दादांनी चष्मा काढला, पुसला, घातला. "सही कुठे करायची?"

दिग्दर्शिकेनं पेन पुढे केलं. आणि तेवढ्यात पुतण्यानं मदत करायचं ठरवलं. या घराण्यात आजवर झालेली बहुतेक सगळी नुकसानं मदतीतूनच झाली होती.

"बाबा, किती भारी आहे माहितीये?" तो म्हणाला. "या रोलसाठी निर्माता आधी कुणाच्या मागे होता सांगू? गदगदराव!"

गदगदराव हे त्या थोर नटाचं खरं नाव नव्हतं. पण पडद्यावर त्याचा कंठ ज्या सहजतेनं दाटून येई, त्यामुळे त्याच्या पाठीमागे सगळा धंदा त्याला याच नावानं ओळखत असे. तो दरवाजा उघडतानाही गदगदे. एका सिनेमात त्यानं नुसतं "मीठ दे" म्हटलं होतं आणि पहिल्या रांगेतल्या दोन बायकांना बाहेर न्यावं लागलं होतं.

दादांचं पेन कागदापासून बोटभर अंतरावर थांबलं.

"गदगदराव? माझं काम करणार होते?"

"निर्माता म्हणत होता," दिग्दर्शिका घाईघाईनं म्हणाली. "मी नाही म्हटलं. हे काकांचंच काम आहे. निर्मात्यानं सांगितलं, की ज्यांच्यावर सिनेमा आहे त्यांची हरकत नसेल तर माझीही नाही."

"आणि हरकत असेल तर?"

आपण काय बोलून बसलो हे दिग्दर्शिकेला दीड सेकंद उशिरा कळलं.

दादांनी पेनाला टोपण लावलं. डावा हात कमरेवर गेला.

"मला यात वैयक्तिक काही नाही," ते म्हणाले. मोठ्या भावानं असं म्हटलं की धाकट्यानं सावरून बसायचं असतं. "पण मी तेहतीस वर्षं सरकारी काम केलंय. एकदा माझ्यावर एका होलसेलवाल्यानं पंचवीस किलोचं पोतं टाकलं होतं. हे सगळं दाखवायला माणूस कसा पाहिजे? भरदार! छाती पाहिजे, आवाज पाहिजे. याला पोत्याखाली घातला तर पोतं सपाट दिसेल."

"तसं बघितलं तर बरोबर आहे," ताई म्हणाल्या. पर्सची चेन आता उघडीच होती. "आणि गदगदराव असले तर बहिणीचं काम वाढेल. त्यांना समोर रडायला कुणीतरी लागतंच."

"आत्या, पण काका..."

"काका घरचाच आहे रे. तो कुठे जातोय? त्याला दुसरं काहीतरी द्या. दादाचा शिपाई द्या."

"मला शिपाई नव्हता," दादा म्हणाले.

"मग द्यायचा. सिनेमाच आहे ना!"

दहा मिनिटांपूर्वी घरातल्या गोष्टी घरात ठेवणारी मंडळी आता त्या गदगदरावांच्या हवाली करायला एका पायावर तयार होती. पुतण्यासुद्धा डळमळला. पोस्टरवर गदगदराव आणि खाली 'माझ्या वडिलांच्या जीवनावर आधारित' हे त्याला दिसायला लागलं होतं. तो मोबाईलमध्ये बघत म्हणाला, "म्हणजे, रीच वाढेल हे खरंय."

"काका, तुम्ही बोला ना काहीतरी," दिग्दर्शिका कळवळून म्हणाली.

सगळ्यांनी धाकट्याकडे पाहिलं.

त्याला बोलायचं होतं. आपलं आयुष्यभराचं सगळं भांडवल हाच माणूस आहे, त्याची चाल, त्याचं पाकीट सोलणं, त्याचं न बोलणं, हे त्याला सांगायचं होतं. रांगेतला माणूस, दुसरा शेजारी, खिडकीमागचा कारकून, या सगळ्यांच्या आत थोडे थोडे दादाच होते, आणि आता ते अख्खे करायची वेळ आली आहे. हे एका दमात, जरा गदगदून म्हटलं असतं तर चाललं असतं. पण तो गदगदायचं कधी शिकलाच नव्हता. दिग्दर्शकांनी संवाद दिले की त्यातले अर्धे तो परत करी.

"चालेल," तो म्हणाला.

दिग्दर्शिकेनं डोळे मिटले.

"बघा!" दादा विजयी मुद्रेनं म्हणाले. "त्यालाही पटतंय. अगं मुली, तू ते आईचं घेतलंयस ना सिनेमात? आई गेली तो दिवस?"

"घेतलंय. शेवटचा प्रसंग आहे तो."

"मग तो हा काय करणार? तिथे माणूस कोसळला पाहिजे! मी दवाखान्यातून आलो. आलो तो दारातच ढासळलो." दादा उठले. बहात्तराव्या वर्षी जेवढं ढासळता येईल तेवढं ते सोफ्याच्या हातावर ढासळले. "आणि मी जो टाहो फोडला! आई! आई गं! चाळ जमा झाली होती. ताई, आठवतंय ना?"

"मी सासरी होते. दुसऱ्या दिवशी पोचले," ताई म्हणाल्या. "पण फोडला असशील. तुझा आवाज आहे तेवढा."

"फोडला नाही," वहिनी म्हणाल्या.

पुन्हा लाइनमध्ये बिघाड.

"काय?" दादा अर्धवट ढासळलेल्या अवस्थेतच थांबले.

"तुम्ही रडला नाहीत. मी स्वयंपाकघराच्या बाजूच्या खोलीत होते, आईंच्या साड्या काढत होते. बाहेरून कसलाच आवाज नव्हता. तासभर. मला वाटलं, तुम्ही परत दवाखान्यात गेलात." त्यांनी धाकट्याकडे पाहिलं. "भाऊजी दारात उभे होते. त्यांनी पाहिलंय. मी नाही."

"त्यानं काय पाहिलंय?" दादा म्हणाले, पण आवाज पहिल्यासारखा लागला नाही. "काय पाहिलंस रे तू?"

धाकट्यानं हातातला कप खाली ठेवला आणि जेवणाच्या टेबलापाशी जाऊन खुर्चीवर बसला. गुडघ्यामुळे त्याला बसायला जरा वेळ लागला. बसल्यावर त्यानं काही केलंय असं कुणाला वाटलं नाही. पण तो बसला मात्र आणि ताईंनी नकळत सोफ्याकडे पाहिलं, दादा इकडून तिकडे कधी गेले म्हणून.

त्यानं पायाशी ठेवलेली एक पेटी उचलून टेबलावर घेतली. पेटी नव्हती, पण जड होती, कारण मनगट वाकलं. झाकण उघडलं. मग दोन्ही हातांनी समोर काहीतरी उभं धरलं, छातीच्या उंचीवर, आणि ते हलायचं थांबेपर्यंत वाट पाहिली. पारडी होती ती. स्वयंपाकघरातला, आईचा तराजू. डोळे डावीकडे गेले, उजवीकडे गेले. पुन्हा डावीकडे. डोळे बारीक झाले. एक बाजू खाली होती.

त्यानं तराजू खुंटीला अडकवला. पेटीतून एक वजन चिमटीत घेतलं, शर्टाच्या टोकाला पुसलं, उलटं करून शिक्का पाहिला, वर राहिलेल्या पारड्यात ठेवलं. थांबला. दुसरं घेतलं. पुसलं. शिक्का पाहिला. ठेवलं. थांबला. चेहऱ्यावर काही नव्हतं. कचेरीत बसलेल्या माणसाच्या चेहऱ्यावर असतं तेवढंच होतं. फक्त शर्टाचं टोक एकदा हातात आलं, ते वजन पुसून झाल्यावरही त्याच्या मुठीत राहिलं, आणि मूठ उघडायची त्याला आठवण नव्हती.

मग त्यानं तांब्याच्या तारेचा एक लहानसा तुकडा वाकवला, पारड्याच्या आकड्याला गुंडाळला, वजनं काढली. पारडी हलली. तो वाट पाहत राहिला. ती हलायची थांबली. सारखी झाली. त्यानं मान हलवली, अगदी थोडी, दुकानदाराला 'ठीक आहे' म्हणतात तशी, आणि पेटीचं झाकण लावलं.

पुतण्याचा मोबाईल वाजला. त्यानं तो न बघता बंद केला.

"दवाखान्यातून आल्यावर," वहिनी हळूच म्हणाल्या, "तुम्ही हे करत होतात?"

दादा सोफ्याच्या हातावर बसले होते. उजव्या हाताचा अंगठा आणि तर्जनी एकमेकांना टेकली होती. काहीतरी बारीक धरल्यासारखी.

"किती दाखवलंयस?" ते म्हणाले. हा प्रश्न धाकट्याला होता.

"तीन," धाकटा म्हणाला. "तीन ग्रॅमचा फरक. दोनाचं एक वजन आणि एकाचं एक."

"चूक."

"दादा, मी दारातून मोजली. दोन वजनं ठेवलीस."

"तिसरं होतं. अर्ध्या ग्रॅमचा पत्रा. नखापेक्षा लहान असतो तो, चिमट्यानं ठेवावा लागतो. तुला दारातून दिसला नसेल." दादांनी चिमटीकडे पाहिलं. "साडेतीन होता. आई शेजारणीचं उसनं परत करायची ते आपल्या तराजूनं करायची. दर वेळी साडेतीन ग्रॅम जास्त जायचं. मी निरीक्षक. गावभरचे तराजू तपासत होतो. घरातला..."

ते तिथेच थांबले. गदगदरावांनी हे वाक्य पूर्ण केलं असतं आणि त्यानंतर आणखी चार म्हटली असती.

ताईंनी पर्सची चेन लावली. आवाज होऊ नये म्हणून दोन्ही हातांनी लावली.

"तू तिथे किती वेळ उभा होतास?" दादांनी विचारलं.

"सगळा वेळ."

"मग आत का नाही आलास?"

"तू मोजत होतास," धाकटा म्हणाला.

दादांनी नाकातून हुंकार सोडला, पण तो आप्पांचा हुंकार नव्हता. पातळ होता. ते उठले, टेबलापाशी गेले, धाकट्याच्या समोरच्या खुर्चीवर बसले. "दाखव," ते म्हणाले. "तो शेवटचा भाग. नाही, तसं नाही. पत्रा असा धरायचा, कडेनं. मधे धरलास तर बोटाचा घाम लागतो, वजन वाढतं. हां. आणि श्वास सोडायचा नाही पारड्यावर. उडतो."

धाकट्यानं कडेनं धरला. श्वास रोखला. दोघं भाऊ टेबलावरच्या हवेत अर्धा ग्रॅम ठेवायला बराच वेळ झटत होते. एकदा दादांनी त्याचं मनगट धरून किंचित खाली आणलं आणि सोडायला विसरले.

"गदगदरावांना कळवू का मग?" पुतण्यानं जरा वेळानं चाचरत विचारलं.

"त्यांना कशाला?" दादा मान वर न करता म्हणाले. "हात थरथरतो त्यांचा. सिनेमात बघितलंय मी. अर्धा ग्रॅम काय, किलोसुद्धा धरता येणार नाही त्यांना. कागद आण इकडे."

दिग्दर्शिकेनं कागद आणला. दादांनी तो उजेडाकडे धरला, दोन्ही बाजू पाहिल्या, स्वतःचं नाव दोनदा वाचलं. कुणीही घाई केली नाही. मग त्यांनी सही केली, खाली तारीख घातली आणि तारखेखाली, कुणी मागितलं नसताना, निवृत्त वजनमापे निरीक्षक असं लिहिलं. दिग्दर्शिका रडत होती. ताईही रडत होत्या आणि रडता रडता धाकट्याला म्हणाल्या, "'चल, निघते मी' एवढंच असलं तरी चालेल रे मला. पण कुणीतरी बरी बाई घ्या." जाता जाता वहिनींनी धाकट्याच्या खांद्यावर एकदा हात ठेवला, लाइन जोडून दिल्यासारखा, आणि चहाचे कप उचलून आत गेल्या.

धाकटा बसून राहिला. आता काहीतरी म्हणायला हवं होतं हे त्याला कळत होतं. बेचाळीस सिनेमांनंतर या माणसानं त्याचं काम पाहिलं होतं, आणि चूक काढली होती, आणि ती चूक खरी होती. याहून मोठं बक्षीस त्याला कुठल्याही महोत्सवानं दिलं नव्हतं.

"दादा," तो म्हणाला.

"थांब," दादा म्हणाले. त्यांनी कागद दिग्दर्शिकेकडे सरकवला, पण एक बोट त्यावर ठेवलं. "माझी एक विनंती आहे. सही केलीय, मागे घेणार नाही. पण ऐकलीत तर बरं होईल."

"काहीही सांगा, सर," दिग्दर्शिका डोळे पुसत म्हणाली. "तुम्ही म्हणाल ते."

दादांनी घसा साफ केला आणि वर छताकडे पाहिलं.

"शूटिंगला तुमचे ते लाइटवाले येतील, त्यांच्याकडे उंच शिडी असेलच. तर तेवढा हा पंखा पुसून देतील का? ही मला चढू देत नाही, आणि मी हिला."